पेड न्यूज म्हणजे काय? विकलेली बातमी कशी ओळखायची आणि तक्रार कुठे करायची?

ऑक्टोबर २००९. महाराष्ट्रात विधानसभा निवडणुकीचा प्रचार शिगेला पोहोचला होता. त्याच दिवसांत तत्कालीन मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांचं कौतुक करणारा एक लेख लोकमत, पुढारी आणि महाराष्ट्र टाइम्स या तीन दैनिकांत छापून आला. तरुण, तडफदार नेतृत्व अशा आशयाचा तो लेख होता. नेत्याचं कौतुक छापून येणं यात नवल काही नाही. नवल हे होतं की तिन्ही लेख शब्दन् शब्द सारखे होते.

ही तिन्ही दैनिकं एकमेकांची स्पर्धक. तिघांच्या बातमीदारांना एकाच आठवड्यात अगदी तीच वाक्यं, त्याच क्रमाने सुचली असतील का? ज्येष्ठ पत्रकार पी. साईनाथ यांनी हा प्रश्न 'द हिंदू'मध्ये जाहीरपणे विचारला आणि 'पेड न्यूज' हा शब्द देशभर चर्चेत आला.

आज तुम्ही बातम्या कागदावर कमी आणि मोबाइलवर जास्त वाचत असाल. पण रील्स, यूट्यूब आणि व्हॉट्सॲपवर जे चालतं, त्याची मुळं याच प्रकरणात दिसतात. म्हणून पेड न्यूज म्हणजे काय, ती कोण विकतं, कोण विकत घेतं, कायदा कुठे अडतो आणि वाचक म्हणून आपल्या हातात काय आहे, हे समजून घेऊया.

पेड न्यूज म्हणजे नेमकं काय?

प्रेस कौन्सिल ऑफ इंडियाने केलेली व्याख्या सोपी आहे. कोणत्याही माध्यमात आलेली बातमी किंवा विश्लेषण, जे छापण्यासाठी रोख पैसे किंवा इतर कोणता मोबदला घेतला गेला, ती पेड न्यूज.

इथे जाहिरात आणि पेड न्यूज यांतला फरक लक्षात घ्यायला हवा. जाहिरात देणं हा गुन्हा नाही. उमेदवाराने पानभर जाहिरात दिली, तर ती कोणी दिली हे वाचकाला कळतं. त्यामुळे 'स्वतःची टिमकी वाजवतोय' एवढं समजून तो ती वाचतो. दुकानदार आपल्या मालाला वाईट म्हणणार नाही, हे आपल्याला माहीत असतं. म्हणून त्याच्या बोलण्यातलं चार आणे आपण आधीच वजा करतो.

पेड न्यूज आपल्याला ही वजाबाकी करू देत नाही. मजकूर दुकानदाराचाच असतो, पण तो वर्तमानपत्राच्या तोंडून येतो. बातमीसारखी मांडणी, बातमीसारखा टाइप, वर 'विशेष प्रतिनिधी' अशी ओळ. वाचकाचा विश्वास वर्तमानपत्रावर असतो आणि विकला जातो तो हाच विश्वास. छापलेला मजकूर शंभर टक्के खरा असला, तरी पैसे घेऊन आणि ते लपवून छापला असेल तर ती पेड न्यूजच. इथे फसवणूक मुळात ओळखीची आहे. मजकूर खोटा असेल, तर ती त्यात भर.

आणि एक गोष्ट उलट बाजूनेही सांगायला हवी. एखाद्याची चांगली बातमी आली म्हणजे ती विकलेली, असं होत नाही. चांगल्या कामाची दखल घेणं हेही पत्रकाराचं कामच आहे. आपल्याला न पटणाऱ्या प्रत्येक बातमीखाली 'पेड' अशी कमेंट टाकली, तर खऱ्या पेड न्यूजवाल्यांचंच फावतं.

२००९ मध्ये महाराष्ट्रात काय घडलं?

साईनाथ यांनी त्या निवडणुकीच्या काळातली कात्रणं जमवली. केवळ चव्हाण यांच्यावर भर देणारी तब्बल ४७ पूर्ण पानं त्यांच्या हाती लागली. त्यांतली बरीच रंगीत होती. 'अशोक पर्व' या नावाने पुरवण्याही निघाल्या होत्या.

चव्हाण नांदेड जिल्ह्यातल्या भोकर मतदारसंघातून उभे होते. विधानसभेच्या उमेदवाराला तेव्हा जास्तीत जास्त १० लाख रुपये खर्च करता येत होता. चव्हाण यांनी निवडणूक आयोगाला दिलेल्या हिशेबात एकूण खर्च ७ लाखांच्या आत दाखवला. त्यात वर्तमानपत्रांतल्या जाहिरातींचा खर्च होता ५,३७९ रुपये आणि केबल टीव्हीवरच्या जाहिरातींचा ६,००० रुपये.

एका बाजूला ४७ पानं, दुसऱ्या बाजूला ५,३७९ रुपये. ही पानं जाहिरात म्हणून घेतली असती, तर त्यांचं बिल खर्चमर्यादेच्या कितीतरी पुढे गेलं असतं, असा साईनाथ यांचा मुद्दा होता. चव्हाण यांनी आरोप फेटाळले. वर्तमानपत्रांनीही पैसे घेतल्याचा इन्कार केला आणि हा मजकूर आपणहून छापल्याची भूमिका घेतली.

हा प्रकार एका नेत्यापुरता किंवा एका पक्षापुरता नव्हता. राज्यभरातले लहानमोठे उमेदवार 'पॅकेज'बद्दल खासगीत बोलत होते. साईनाथ यांनी लिहिलेल्या माहितीनुसार, सगळ्यात स्वस्त पॅकेजमध्ये उमेदवाराची ओळख करून देणारा लेख आणि त्याच्या पसंतीच्या चार बातम्या मिळत. त्याची किंमत ४ लाख किंवा त्याहून जास्त, कोणतं पान हवं त्यावर ठरणारी. ज्यांच्याकडे पैसे नव्हते, त्यांची दखलच घेतली जात नव्हती. पेड न्यूजची ही बाजू सहसा लक्षात येत नाही. जे छापलं ते दिसतं. पैसे न दिल्यामुळे जे छापलं गेलं नाही, ते वाचकाला कधीच कळत नाही.

प्रेस कौन्सिलच्या ७१ पानांचं काय झालं?

२००९ च्या लोकसभा निवडणुकीतही देशभरातून अशा तक्रारी आल्या होत्या. 'जनसत्ता'चे संपादक राहिलेले प्रभाष जोशी यांनी या प्रकाराविरुद्ध मोहीमच उघडली होती. आंध्र प्रदेशात 'लोकसत्ता' नावाच्या राजकीय पक्षाच्या (मराठी दैनिकाशी याचा संबंध नाही) एका उमेदवाराने बातमीसाठी दिलेले पैसे निवडणूक खर्चाच्या हिशेबात सरळ नोंदवून टाकले.

प्रेस कौन्सिलने परंजॉय गुहा ठाकुरता आणि के. श्रीनिवास रेड्डी या दोन सदस्यांची उपसमिती नेमली. दोघांनी पत्रकार, उमेदवार, राजकीय नेते यांच्याशी बोलून २०१० मध्ये ७१ पानांचा अहवाल दिला. त्यात वर्तमानपत्रांची नावं होती, उदाहरणं होती. एकाच पानावर दोन प्रतिस्पर्धी उमेदवारांचे लेख आणि दोघांचाही विजय पक्का, असे नमुनेही होते.

हा अहवाल बाहेर यायला हवा होता. पण जुलै २०१० मध्ये कौन्सिलने तो पूर्ण प्रसिद्ध न करता छोटा, नावं नसलेला अहवाल स्वीकारला. कौन्सिलवर वृत्तपत्र मालकांचेही प्रतिनिधी असतात, हे इथे लक्षात ठेवायला हवं. पुढे माहिती अधिकारात अर्ज झाला, केंद्रीय माहिती आयोगाने आदेश दिला आणि ऑक्टोबर २०११ मध्ये मूळ अहवाल कौन्सिलच्या संकेतस्थळावर आला.

थोडक्यात, माध्यमांनी बातमी विकल्याची माहिती लोकांपर्यंत पोहोचायला माहिती अधिकार कायद्याची मदत घ्यावी लागली.

प्रकरण निवडणूक आयोगात आणि कोर्टात गेलं, तेव्हा

भोकरमध्ये चव्हाण यांच्याविरुद्ध लढलेले माधवराव किन्हाळकर यांनी निवडणूक आयोगाकडे तक्रार केली. इतरही काही नेत्यांच्या तक्रारी होत्या. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम ७७ नुसार उमेदवाराला खर्चाचा बरोबर हिशेब ठेवावा लागतो. हिशेब नीट दिला नाही, तर कलम १०-अ खाली आयोग त्याला ३ वर्षांसाठी अपात्र ठरवू शकतो.

चव्हाण यांच्या बाजूने युक्तिवाद असा होता की हिशेब वेळेत आणि ठरलेल्या पद्धतीने दिला की नाही, एवढंच आयोगाने पाहायचं. तो खरा की खोटा हे तपासण्याचा अधिकार आयोगाला नाही. मे २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा युक्तिवाद अमान्य केला. हिशेब खरा आहे का, याची चौकशी आयोग करू शकतो, असा निकाल दिला. पेड न्यूजच्या बाबतीत हा मोठा निकाल मानला जातो.

त्यानंतर जुलै २०१४ मध्ये आयोगाने हिशेब नीट न दिल्याबद्दल चव्हाण यांना नोटीस काढली. सप्टेंबर २०१४ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने आयोगाची ही कारवाई रद्द केली.

आणखी दोन प्रकरणं पाहिली की अडचण नेमकी कुठे आहे ते कळतं.

उत्तर प्रदेशातल्या बिसौलीच्या आमदार उमलेश यादव यांना ऑक्टोबर २०११ मध्ये आयोगाने ३ वर्षांसाठी अपात्र ठरवलं. २००७ च्या निवडणुकीत मतदानाच्या तोंडावर दोन हिंदी दैनिकांत त्यांच्याबद्दल बातमीच्या रूपात मजकूर आला होता. त्याचा सुमारे २१ हजार रुपयांचा खर्च त्यांनी दाखवला नव्हता. पेड न्यूजवरून अपात्र ठरलेल्या त्या देशातल्या पहिल्या आमदार.

मध्य प्रदेशचे मंत्री नरोत्तम मिश्रा यांना २००८ च्या निवडणुकीतल्या ४२ बातम्यांवरून आयोगाने जून २०१७ मध्ये अपात्र ठरवलं. २०१८ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने तो निर्णय रद्द केला. आयोगाचा निष्कर्ष पुराव्यावर टिकत नाही, असं न्यायालयाचं मत पडलं.

तीन प्रकरणं, तीन वेगवेगळे पक्ष, पण अडचण एकच. पैसे दिल्याची पावती नसते. देणारा नाही म्हणतो, घेणारा नाही म्हणतो, आणि निकाल लागेपर्यंत आमदारकीची पाच वर्षं संपून जातात. शिवाय तिन्ही ठिकाणी कारवाई झाली ती खरेदीदारावर. विकणाऱ्याला शिक्षा झाली नाही, कारण तशी तरतूदच नाही. प्रेस कौन्सिल वर्तमानपत्राला समज देऊ शकते, ताशेरे ओढू शकते. दंड करू शकत नाही.

बातमी विकावी का लागते?

वर्तमानपत्र तुम्हाला ज्या किमतीला मिळतं, त्यात त्याचा कागद आणि छपाईसुद्धा धड भागत नाही. उरलेला खर्च जाहिरातींतून निघतो. म्हणजे ज्याच्यासाठी अंक काढायचा तो वाचक वेगळा आणि ज्याच्या पैशावर अंक निघतो तो जाहिरातदार वेगळा.

तालुक्याच्या पातळीवर ही ओढाताण आणखी स्पष्ट दिसते. अनेक ठिकाणी वार्ताहराला मानधन नावापुरतं मिळतं आणि जाहिरातीवर कमिशन मिळतं. नेत्याच्या वाढदिवसाची पुरवणी काढायची तर त्याच कार्यकर्त्यांकडे, बँकांकडे, कारखान्यांकडे, शिक्षण संस्थांकडे जायचं. सोमवारी ज्याच्याकडे जाहिरात मागितली, त्याच्याच विरोधात बुधवारी बातमी लिहायची हिंमत किती जण करतील? प्रेस कौन्सिलच्या उपसमितीनेही जाहिराती गोळा करणारा बातमीदार ही पद्धत घातक असल्याचं नोंदवलं होतं.

म्हणून सगळं खापर खालच्या पत्रकारावर फोडून चालत नाही. २००९ मध्ये चित्र बदललं ते याच ठिकाणी. पूर्वी एखादा बातमीदार पाकीट घ्यायचा. नंतर पॅकेजं ठरू लागली ती व्यवस्थापनाच्या पातळीवर. पाकीट घेणारा पत्रकार मालकाला फसवतो. पॅकेज विकणारा मालक वाचकाला फसवतो, आणि ते लिहायला नकार देणाऱ्या पत्रकाराची नोकरी धोक्यात येते.

उमेदवार हंगामी गिऱ्हाईक, कंपन्या बारमाही

निवडणुका पाच वर्षांतून येतात. कंपन्यांना मात्र प्रसिद्धी वर्षभर लागते.

२००३ मध्ये टाइम्स समूहाने 'मीडियानेट' सुरू केलं. रंगीत पुरवण्यांमध्ये कार्यक्रम, ब्रँड आणि प्रसिद्ध व्यक्तींबद्दलचा मजकूर त्यामुळे पैसे देऊन छापून घेता येऊ लागला. अशा काही पुरवण्यांच्या नावाखाली बारीक अक्षरांत 'जाहिरात, मनोरंजन व प्रसिद्धीपर मजकूर' अशा अर्थाची इंग्रजी ओळ असते. किती वाचकांनी ती कधी पाहिली असेल?

त्यानंतर आल्या 'प्रायव्हेट ट्रीटीज'. त्यांचं गणित असं: कंपनी वर्तमानपत्राला जाहिरातीचे पैसे देत नाही, त्याऐवजी स्वतःचे शेअर देते. आता वर्तमानपत्र त्या कंपनीचं भागीदार झालं. कंपनीबद्दल चांगलं छापून आलं आणि शेअर वर गेला, तर वर्तमानपत्राचाही फायदा. घोटाळ्याची बातमी आली, तर वर्तमानपत्राचाही तोटा. कोणी कोणाला फोन करून काही सांगायची गरजच उरत नाही.

अशा बातम्या वाचून लोक शेअर घेतात, म्हणून हा विषय सेबीपर्यंत गेला. सेबीने २००९ मध्ये प्रेस कौन्सिलला पत्र लिहून धोका दाखवून दिला. ऑगस्ट २०१० पासून नियम झाला की ज्या कंपनीत माध्यम समूहाची भागीदारी आहे, तिच्याबद्दलच्या बातमीत ती भागीदारी सांगायची.

याच्या पुढची पायरी म्हणजे थेट मालकी. २०१४ मध्ये रिलायन्सने नेटवर्क१८ समूहाचा ताबा घेतला. मराठीतलं 'न्यूज१८ लोकमत' हे नेटवर्क१८ आणि लोकमत समूह यांच्या भागीदारीतलं चॅनल. डिसेंबर २०२२ मध्ये एनडीटीव्ही अदानी समूहाकडे गेलं आणि १ मे २०२४ रोजी 'एनडीटीव्ही मराठी' सुरू झालं. उद्योगसमूहाने माध्यम विकत घेणं बेकायदा नाही आणि मालक उद्योगपती आहे म्हणजे प्रत्येक बातमी विकलेली, असंही नाही. पण ज्यांचे व्यवसाय बंदरांपासून टेलिकॉमपर्यंत पसरलेत, त्यांच्याच चॅनलवर त्या व्यवसायांबद्दलची बातमी पाहताना मालक कोण हे प्रेक्षकाला माहीत असायला हवं. दूरसंचार नियामक ट्रायने ऑगस्ट २०१४ मध्ये माध्यमांच्या मालकीत उद्योगसमूह आणि राजकीय पक्षांच्या शिरकावावर मर्यादा घालण्याची शिफारस केली होती. तिचा कायदा झाला नाही.

मोबाइलवर आल्यावर काय बदललं?

वर्तमानपत्रात निदान पान जपून ठेवता यायचं. साईनाथ यांचा सगळा पुरावा कात्रणांचाच होता. मोबाइलवर तुम्हाला दिसणारी पोस्ट शेजारच्याला दिसेलच असं नाही, आणि उद्या ती डिलीटही झालेली असेल.

दुसरा बदल विकणाऱ्यांमध्ये झाला. आधी विश्वास असायचा तो मोजक्या वर्तमानपत्रांवर. आता लाखो फॉलोअर्स असलेला कोणीही तो विकू शकतो. फेब्रुवारी २०१९ मध्ये 'कोब्रापोस्ट'ने स्टिंग ऑपरेशन करून दाखवलं की पैसे मिळत असतील तर स्वतःच्या सोशल मीडिया खात्यावरून राजकीय पक्षाचा प्रचार, स्वतःचंच मत असल्यासारखा, करायला अनेक सिनेकलाकार तयार होते.

मार्च २०२२ मध्ये 'रिपोर्टर्स कलेक्टिव्ह' आणि 'ॲड वॉच' यांनी फेसबुकवरच्या राजकीय जाहिरातींचा अभ्यास 'अल जझीरा'वर प्रसिद्ध केला. रिलायन्स समूहाची गुंतवणूक असलेल्या 'न्यूज' या व्हिडिओ कंपनीने (इंग्रजीतलं स्पेलिंग वेगळं, उच्चार तोच) बातमीसारखे दिसणारे, भाजपला फायद्याचे व्हिडिओ पैसे देऊन जाहिरात म्हणून चालवले, असं त्यात म्हटलं होतं. जाहिरातीवर नाव पक्षाचं किंवा उमेदवाराचं नव्हतं.

आणि यात सामान्य माणसाचा खिसा कसा रिकामा होतो, ते 'साधना ब्रॉडकास्ट' प्रकरणात दिसलं. जुलै २०२२ मध्ये काही यूट्यूब चॅनलवर या कंपनीबद्दल खोट्या गोष्टी सांगणारे व्हिडिओ आले. मोठा समूह कंपनी विकत घेणार, शेअर उसळणार, अशी भाषा. व्हिडिओ पसरवायला पैसे खर्च केले गेले. लोकांनी शेअर घेतले आणि छोट्या भागधारकांची संख्या सुमारे २ हजारांवरून ५५ हजारांवर गेली. त्याच काळात आतल्या मंडळींनी आपले शेअर चढ्या भावाने विकले, असं सेबीने मार्च २०२३ च्या आदेशात म्हटलं आणि ३१ जणांना बाजारातून तात्पुरतं बाहेर केलं. हजारो लोकांनी तो व्हिडिओ जाहिरात म्हणून नव्हे, माहिती म्हणून पाहिला होता.

कायदा आज कुठे आहे?

निवडणुकीपुरतं पाहिलं तर २०१० नंतर आयोगाने प्रत्येक जिल्ह्यात समिती नेमायला सुरुवात केली. तिला 'माध्यम प्रमाणीकरण व संनियंत्रण समिती', म्हणजेच एमसीएमसी म्हणतात. बातमी संशयास्पद वाटली की ती प्रसिद्ध झाल्यापासून ९६ तासांत निवडणूक निर्णय अधिकारी उमेदवाराला नोटीस देतो. उमेदवाराला ४८ तासांत उत्तर द्यावं लागतं. पेड न्यूज ठरली, तर सरकारी जाहिरात दराने तिची किंमत काढून ती उमेदवाराच्या खर्चात धरतात. पैसे दिल्याची पावती सापडली नाही तरी असा खर्च धरता येतो, हा या पद्धतीचा फायदा. उमेदवारांनी आपली सोशल मीडिया खाती जाहीर करायची आणि त्यावरचा जाहिरात खर्च दाखवायचा, हा नियम २०१३ पासून आहे.

पण पेड न्यूज हा स्वतंत्र निवडणूक गुन्हा अजूनही नाही. तो करावा अशी मागणी आयोगाने केली. संसदेच्या स्थायी समितीने २०१३ मध्ये या विषयावर अहवाल दिला. विधी आयोगाने मार्च २०१५ च्या २५५ व्या अहवालात पैसे देणारा आणि घेणारा दोघांनाही जबाबदार धरा, असं सुचवलं. कायदा करायचा तर तो निवडून आलेल्यांनीच करायचा आहे.

वस्तू आणि सेवांच्या प्रचाराबाबत नियम जास्त कडक आहेत. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरण दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीबद्दल १० लाख आणि पुन्हा तसंच केल्यास ५० लाखांपर्यंत दंड करू शकतं. जानेवारी २०२३ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार इन्फ्लुएन्सरला पैसे, फुकट वस्तू किंवा सहल मिळाली असेल, तर ते स्पष्ट सांगावं लागतं. ते हॅशटॅगच्या गर्दीत लपवायचं नाही. व्हिडिओत असेल तर दाखवायचंही आणि बोलायचंही. आणि ज्या भाषेत प्रचार, त्याच भाषेत हा खुलासा. म्हणजे रील मराठीत असेल, तर 'ही जाहिरात आहे' हेही मराठीत हवं. तुम्ही फॉलो करता त्यांपैकी किती जण हे पाळतात, ते एकदा तपासून पाहा.

पेड न्यूज कशी ओळखायची?

यातली एक खूण दिसली म्हणजे गुन्हा सिद्ध झाला असं नाही. दोन-तीन एकत्र दिसल्या, तर सावध व्हा.

• तोच मजकूर दोन ठिकाणी: संशयास्पद वाक्य अवतरण चिन्हांत टाकून गुगलवर शोधा. वेगवेगळ्या पेजवर शब्दन् शब्द तेच असेल, तर मजकूर एकाच जागेवरून आला आहे. मात्र वृत्तसंस्थेची बातमी किंवा प्रेस नोटही अशीच सारखी दिसते, म्हणून तिचा उल्लेख आहे का ते पाहा.

• दुसरी बाजूच नाही: आरोप, टीका, विरोधकाची प्रतिक्रिया, आकडे, यांतलं काहीच नाही आणि विशेषणं मात्र भरपूर.

• घटना नाही, तरी बातमी: काय घडलं, कधी, कुठे, या प्रश्नांना उत्तर नाही. फक्त 'जनतेचा वाढता पाठिंबा'.

• अचानक प्रेम: एरवी मीम किंवा रेसिपी टाकणारं पेज निवडणुकीच्या महिन्यात एकाच नेत्याचं कौतुक करू लागतं.

• पेजचा इतिहास: फेसबुकवर 'पेज ट्रान्सपरन्सी'मध्ये पेज कधी सुरू झालं, नाव किती वेळा बदललं ते दिसतं. मेटाच्या 'ॲड लायब्ररी'त त्या पेजने कोणत्या जाहिराती चालवल्या आणि राजकीय जाहिरातींसाठी पैसे कोणाच्या नावाने दिले, ते कोणालाही पाहता येतं.

तक्रार कुठे करायची?

आधी पुरावा जपा. वर्तमानपत्र असेल तर तारीख, आवृत्ती आणि पान क्रमांक दिसेल असं कात्रण. पोस्ट असेल तर लिंक आणि तारखेसह स्क्रीनशॉट.

• निवडणुकीच्या काळात: जिल्हाधिकारी हेच जिल्हा निवडणूक अधिकारी असतात. त्यांच्या कार्यालयातल्या एमसीएमसीकडे लेखी तक्रार द्या. वेळ महत्त्वाची आहे, त्यामुळे एक-दोन दिवसांतच द्या.

• वर्तमानपत्राविरुद्ध: आधी संपादकाला लेखी कळवा. समाधान झालं नाही तर प्रेस कौन्सिलकडे जा. दैनिक किंवा साप्ताहिकातला मजकूर असेल, तर प्रसिद्धीपासून २ महिन्यांच्या आत. टीव्ही चॅनल प्रेस कौन्सिलच्या कक्षेत येत नाहीत.

• वस्तू, सेवा, इन्फ्लुएन्सर: राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५, किंवा जाहिरात क्षेत्राची स्वनियमन संस्था 'ॲस्की'.

• शेअर बाजार: सेबीचं 'स्कोअर्स' पोर्टल.

तक्रार करताना 'पैसे घेतले' असा थेट आरोप करू नका, कारण ते तुम्ही पाहिलेलं नसतं. 'हा मजकूर या दोन ठिकाणी जसाच्या तसा आला आहे, जाहिरात असल्याचा उल्लेख नाही, कृपया चौकशी करावी' एवढं पुरेसं असतं.

मग विश्वास ठेवायचा तरी कोणावर?

पेड न्यूजबद्दल वाचल्यावर 'सगळेच विकले गेलेत' असं म्हणावंसं वाटतं. पण हे प्रकरण उघड केलं ते एका पत्रकारानेच, ते छापलं एका वर्तमानपत्राने आणि नावांसकट अहवाल लिहिला तोही दोन पत्रकारांनीच. सगळेच सारखे म्हणून सोडून दिलं, तर बातमी विकणारा आणि नकार देऊन नोकरी धोक्यात घालणारा, दोघे आपल्या लेखी एकाच रांगेत येतात. विकणाऱ्याला तेच हवं असतं.

त्यामुळे पुढच्या निवडणुकीत एखाद्या नेत्याबद्दलचा भारावून टाकणारा लेख किंवा रील समोर आलं, तर फॉरवर्ड करण्याआधी त्यातलं एक वाक्य उचलून सर्च करा. अर्धा मिनिट लागतो. २००९ मध्ये तीन वर्तमानपत्रं शेजारी शेजारी ठेवूनच हे सगळं उघड झालं होतं.